बास्तियाँने न कापलेला श्वास

या घरचं शुक्रवारचं जेवण पोटात आहे म्हणून ऐकून घ्याल, मंडळी. पण या वलीमामूची पैज आहे, तुमच्यातल्या एकालाही हे खरं वाटायचं नाही.

इथल्या बाब अल बहरीन वेशीमागच्या बाजारात, एका दुकानात एक फ्रेंच माणूस काळं कापड मागत होता. दुकानदार बायकांच्या अबायाचं झुळझुळीत कापड दाखवी, हा नकाराची मान हलवी. शेजारी अस्तर घ्यायला आलेल्या नुसरतला राहवलं नाही. रत्नागिरीची पोर, शिपिंग ऑफिसात क्लार्क, जीभ कात्रीसारखी.

"कुणासाठी हवंय?" तिने इंग्रजीत विचारलं.

"खिडकीसाठी. खोलीत अंधार हवाय."

"नशीबवान खिडकी! माझ्यासाठी कुणी इतका वेळ कापड निवडलं नाही..."

तो हसला — आणि दुकानदाराच्या हातातली कात्री तशीच उघडी राहिली.

बास्तियाँ त्याचं नाव. फिल्म एडिटर. लियॉंमध्ये एकोणिसाव्या वर्षी एडिटरांना कॉफी आणून देता देता शिकला. बावीस चित्रपट कापले, जोडले. नाव यायचं अगदी शेवटी, लोक उठून कोट चढवत असताना. कान असा, की मुंगी शिंकली तर हा रुमाल पुढे करील! सध्या त्याच्या हाती अस्करच्या लेबर कॅम्पमध्ये राहणाऱ्या कामगारांवरचा माहितीपट होता. अकरा तास माणसं कोकणातल्या बोलीत बोलत होती, आणि त्याला ओ की ठो कळत नव्हतं. ती बोली नुसरतच्या घरचीच; ऑफिस सुटलं की ती अर्थ सांगायला बसू लागली.

"भाषा न कळता कापतोस कसं?"

"श्वासावर. श्वास सुटतो तिथे वाक्य संपतं, पापणी मिटते तिथे विचार." तो तिच्याकडे वळला. "तुझी पापणी मात्र... मिटतच नाही."

"तू कापशील म्हणून!"

असे पंधरा दिवस. मग एका संध्याकाळी पडद्यावर तौकीर आला.

तौकीर म्हणजे नुसरतचा थोरला भाऊ. चार महिन्यांपूर्वी कॅम्पमध्ये झोपेतच त्याचं हृदय थांबलं होतं. शूटिंगचं त्याने घरी सांगितलंच नव्हतं. डबा मांडीवर घेऊन तो म्हणत होता, "छातीत दुकतंय... पन नुसरतला नुको सांगू. ती मना गावी धाडील."

"काय म्हणाला?" बास्तियाँने विचारलं.

"जेवण चांगलं आहे म्हणाला."

त्याने तो तुकडा मागे नेला. पुन्हा पाहिला. तिसऱ्यांदा पाहिला.

"जेवणाबद्दल बोलताना माणूस असा श्वास धरत नाही, नुसरत. कोण आहे हा?"

तिने सांगितलं. सांगता सांगता मोडली. "दर शुक्रवारी मी त्याच्यासमोर जेवायला बसायचे रे... मला तर भाषा येत होती. मला नाही कळलं."

बराच वेळ त्याने तिच्या खांद्यावर हात ठेवला नाही. मग ठेवला.

"काढून टाकू?"

"नाही. अख्खा ठेव."

माहितीपट संपला, व्हिसाही संपत आला. "लियॉंला चल माझ्याबरोबर," तो म्हणाला.

"तिथे मी कुणाचं भाषांतर करू?"

"माझं."

ती हसली नाही. घरी अम्मी होती. अजून रोज तौकीरचं ताट वाढून झाकून ठेवणारी. "गुरुवारपर्यंत सांगते," एवढंच ती म्हणाली.

आणि गुरुवारी, मंडळी — विमान धावपट्टीवर पळू लागलेलं! बास्तियाँ उठला, पायलटला म्हणाला, "खलास, थांबव." पायलटने थांबवलं! हा उतरून उन्हात धावत सुटला तो थेट नुसरतच्या ऑफिसात. धापा टाकत, चक्क आपल्या कोकणी बोलीत म्हणतो कसा, "नुसरत, तुज्याबिगर मी—"

"खोटं, मामू."

चहाचा ट्रे घेऊन नुसरत दारात उभी होती. कुणी कप उचलायला पुढे झालं नाही.

"तो आला नाय. विमानतळावरून फोन केलान. उतरून येऊ का, म्हणून विचारलान." तिने आतल्या खोलीकडे पाहिलं, तिथे अम्मी निजली होती. "मीच म्हणाले, नुको."