वाकळे बाईंचा संयम

वाकळे बाईंच्या डोक्यावर यंत्राचा टोप चढवता चढवता डॉक्टर तांबोळींनी सगळं सोपं करून सांगितलं. माणसाला एखादी गोष्ट जमली की मेंदूत तिचं एक वळण पडतं. हे मनछाप यंत्र ते वळण उचलतं आणि पोरांच्या मेंदूत उमटवतं. देशाच्या नव्या अभ्यासक्रमात दहा मूलक्षमता होत्या. नऊंचे छाप मिळाले, 'संयम' तेवढा अडला होता. सगळ्या देशात यंत्राचा काटा सगळ्यात वर गेला तो किनवटकडच्या या बाईंचा. एका खोलीत चार वर्ग, असं एकोणतीस वर्षं. बाईंचा चढलेला आवाज कुणी ऐकला नव्हता.

बाईंनी एकच अट घातली, छाप दिला की मला नोकरीतून सोडा. शिक्षण खात्याचे साहेब हो म्हणाले.

छाप निघाला. तिसरीतल्या वीस लाख पोरांना दिला. पोरं शांत झाली, खोटं कशाला बोला. पण आठ वर्षांची लेकरं कमरेला हात लावून उठायला लागली. खेळायची सुट्टी झाली तरी जागची हलेनात. म्हणायची, बसू द्या जरा.

थकवा मिसळलाय छापात, असं निदान निघालं आणि यंत्रातला तो छाप पुसला. मग बाईंना तीन महिने सक्तीची विश्रांती. बहिणीकडं राहिल्या, पोटभर झोपल्या, दुसऱ्याच्या हातचा चहा प्यायल्या. गाल भरून आले. परत टोप चढला, आणि काटा शून्यावर.

डॉक्टरांनी तीनदा यंत्र तपासलं. यंत्र ठीक होतं.

"बाई, संयम गेला कुठं?"

"नव्हताच हो कधी. ओरडायला अंगात जोर नव्हता. आता आहे. ते बाहेर मघापासून दार कोण आपटतंय, त्याला आधी आत बोलवा."

शिक्षण खात्याचे साहेबही काटा बघायला आले होते. ते म्हणाले, पोरं बसून राहतात, त्यात वाईट काय आहे? वर्ग तर शांत राहतो. तिथंच हुकूम टाईप करून त्यांनी बाईंच्या हातात दिला. छाप पहिल्यासारखा निघेपर्यंत सुटका नाही. उद्यापासून जनगणना, ती संपली की मतदार यादी, शिवाय शेजारच्या गावची शाळा.

बाईंनी कागद दोनदा वाचला. काहीतरी बोलायला तोंड उघडलं, मग मिटलं. स्टुलावर टेकल्या आणि सही कुठं करायची ते विचारलं.

टोप अजून डोक्यावरच होता. डॉक्टर तांबोळी काट्याकडं बघत राहिल्या. तो हळूहळू वर चालला होता.