कट म्हणेपर्यंत

तिच्या नवऱ्याच्या पायाला जन्मजात भिंगरी. खाली बसला तरी डावा पाय टकटक हलतच असायचा. आणि नेमकी त्यालाच न हलणाऱ्या माणसाची भूमिका! करणार काय, घरच्या घरी काढलेली शॉर्ट फिल्म, नटही घरचाच; बाहेरचा तेवढा कॅमेरामन.

कथा तिची कॉलेजपासूनची लाडकी. अतिवास्तववादी, म्हणजे शेंडा ना बुडखा. घरचे एका माणसाला ऊठसूट ‘गप्प बस’ म्हणतात आणि एके दिवशी त्याची खुर्ची होते. का, ते लेखक सांगत नाही, आणि तीही सांगणार नव्हती. माणूस स्टुलावर बसलेला घ्यायचा, मग त्याच जागी खुर्ची ठेवून घ्यायची, नि दोन्ही जोडून टाकायचं. खुर्ची सुतार उद्या आणणार होता.

टेकवर टेक वाया गेले. दर वेळी पाय हललाच. शेवटी तिचं डोकं फिरलं.

“मी कट म्हणेपर्यंत हलायचं नाही. जन्मात एकदा तरी ऐक माझं.”

“बरं,” तो म्हणाला, आणि खरंच बसला. पापणीसुद्धा लवेना. तिला कौतुकाने भरून आलं.

तेवढ्यात कॅमेऱ्याची बॅटरी संपली. चरफडत ती पलीकडच्या खोलीतून दुसरी आणायला गेली. कट म्हणायचं राहून गेलं.

परत आली तर स्टूल बाजूला आडवं पडलेलं, आणि त्याच्या जागी खुर्ची. तपकिरी, थेट त्याच्या कोटाच्या रंगाची. तिला हसूच आलं. सुताराला हाताशी धरून केलेली चेष्टा, दुसरं काय! पण खोलीला दार एकच, खिडकीला गज. दारात पाठमोरा उभा असलेला कॅमेरामन म्हणाला, इथून कुणी आलं नाही, गेलं नाही.

तिने सुताराला फोन लावला.

“नाही हो ताई. तुमची खुर्ची माझ्यासमोर आहे. रंग अजून ओला आहे.”



तिने नवऱ्याला हाका मारल्या. मग भीतभीत खुर्चीच्या पाठीवर हात ठेवला. लाकूड कोमट होतं.

आणि तिला आठवलं.

“कट,” ती कशीबशी म्हणाली.

काहीच झालं नाही. ती मटकन खाली बसली आणि रडू लागली.

तेव्हा खुर्चीचा पुढचा डावा पाय फरशीवर हलू लागला. टक. टक. टक.