प्रेताचा माईक

"मेलेल्या बाईला माईक कशाला हो?"

दवाखान्याच्या सेटवर, खाटेवर आडवी झालेली ताई एक डोळा किलकिला करून म्हणाली. मालिकेतली खाष्ट सासू आज मरणार होती. ती मेली की ताईचं इथलं दाणापाणी संपलं. उद्यापासून यायचं तरी कुठल्या निमित्तानं?

"असू द्या," साउंडवाला म्हणाला. कानशिलांवरचे केस पिकलेला, मोजकं बोलणारा माणूस. रोज हिच्या गळ्याशी माईक लावायचा, पण नजर... नजर कायम वायरवर!

ताईचं सांगायचं तर बाई पंचवीस वर्षं रंगभूमीवर गाजलेली. राणी झाली, मोलकरीण झाली, चाळिशीत सोळा वर्षांची पोरही झाली. लग्न तेवढं राहूनच गेलं. प्रयोगांच्या धबडग्यात कुणी विचारलं असेलही, पण हिला ऐकायला सवड कुठे होती! मग टीव्हीवर सासू होऊन ती घराघरांत पोचली. आणि इथं आल्यापासून एका गोष्टीनं तिच्या डोक्याचा नुसता भुगा केला होता.

मेकअपरूममध्ये ती एकटीच पुटपुटायची, "मेला हा पंखा काय करकरतोय!" – दुसऱ्या दिवशी पंखा गप्प. "आल्याचं गरम पाणी मिळालं असतं तर घसा सुटला असता..." – घटकाभरात ग्लास दाराशी हजर. कोण करतं हे? तिनं मेकअपवालीला खोदून खोदून विचारलं, दिग्दर्शकाला छेडलं. सगळ्यांनी कानावर हात ठेवले.

"निदान जाताना तरी कळायला हवं होतं," ती आताही पुटपुटली. "कोण ते भूत..."

"बटण चालू आहे," साउंडवाला हळूच म्हणाला.

"कसलं?"

"माईकचं. बाकीचे कलाकार शॉट संपला की बंद करतात. तुम्ही कधीच केलं नाहीत."

ताई ताडकन उठून बसली. नाटकातली जुनी खोड! शेवटचा पडदा पडेस्तोवर अंगावरच्या कशाला हात लावायचा नाही. म्हणजे हा माईक दिवसभर... अगं बाई!

"तुम्ही... सगळं ऐकलंत?"

"फोन आला, कुणी गप्पांना आलं, की मी आवाज बंद करायचो. शप्पथ! फक्त तुम्ही एकट्या बोलायला लागलात की... हातच उचलेना. आधी सांगायला हवं होतं. चुकलं माझं."

"चुकलंच!" ती फणकारली. रागवावं असं तिला फार वाटत होतं, पण कुतूहल गप्प बसू देईना. "काल मी एका टोपीबद्दल काही म्हणाले... तेही?"

"म्हणून तर आज घातली नाही."

आणि खरंच, बिनटोपीचा तो बरा दिसत होता. चांगलाच बरा.

"ताई, मरा आता!" दिग्दर्शक ओरडला.

ती आडवी झाली. "एक सांगा," ओठ न हलवता तिनं विचारलं, "सगळं युनिट मला ताई म्हणतं. तुम्हीच तेवढे मॅडम. का हो?"

तो हेडफोन कानावर चढवत होता. थांबला. पहिल्यांदाच त्यानं सरळ तिच्या डोळ्यांत पाहिलं.

"ताई म्हटलं असतं तर... पुढे पंचाईत झाली असती."

शॉट सुरू झाला. सुनेनं हंबरडा फोडला, मुलगा खाटेच्या पायाशी कोसळला. सासू निपचित.

"झकास!" दिग्दर्शक खूश. "आवाज ओके?"

"नाही," साउंडवाला चाचरत म्हणाला. "धडधड येतेय."

"कुठून?"

तो लाजून गोरामोरा. प्रेत मात्र उठून बसलं.

"माझ्याकडून," ताई म्हणाली, "आणि ती काही इतक्यात थांबायची नाही."

सगळं युनिट तोंडाचा आ वासून बघत असताना तिनं गळ्याशी हात नेला आणि माईकचं बटण, आयुष्यात पहिल्यांदा, आपल्या हातानं बंद केलं.

"पुढचं," ती त्याला म्हणाली, "जवळ येऊन ऐका."