दुसरी वेलांटी

"तेरा आणि चौदा," यादीवर पेन टेकवत गाइड म्हणाला. "तेरा तुम्ही. आणि चौदा?"

"चौदा येणार नाहीत."

"वाटेत असतील तर थांबू की. पाच मिनिटांनी ड्रायव्हरकाका काही रागावत नाहीत."

"पाच मिनिटांनी काही होणार नाही," ती म्हणाली आणि बसच्या पायऱ्या चढली.

चौदा नंबरची सीट खिडकीची होती. आईने फोनवर हट्टाने मागून घेतलेली. ती तेरावर बसली आणि चौदावर आईची राखाडी शाल घडी करून ठेवली.

आईला जाऊन दोन महिने झाले होते. नऊ दिवस हॉस्पिटल, आणि मग काहीच नाही. शुद्धीत असताना आई शेवटचं जे धड बोलली ते या ट्रिपबद्दलच. "विसरू नकोस हं. आता परत तारीख बदलून मिळायची नाही."

तारीख तीनदा बदलली होती, तिन्ही वेळा लेकीमुळे. ती शाळेच्या पुस्तकांची प्रुफं तपासायची आणि पुस्तकं नेहमी सोमवारीच छपाईला जायची. "पुढच्या शनिवारी काम आहे गं," हे एकच वाक्य तिने तीन वेळा, मान वर न करता म्हटलं होतं. आई "बरं" म्हणायची. फ्रिजवर चिकटवलेलं ट्रिपचं माहितीपत्रक तिथेच राहायचं. त्यातल्या द्राक्षमळ्यांच्या फोटोवर बोट ठेवून आई म्हणायची, "बघ तरी, डोंगराने भांग पाडलाय."

तो भांग आईच्या वतीने बघायचा आणि घरी जाऊन फ्रिजवरचा कागद काढून टाकायचा, एवढ्यासाठी ती आली होती. त्यापुढचं तिने काही ठरवलं नव्हतं. ठरवण्यासारखं काही दिसतही नव्हतं.

बस सुटण्याआधी गाइड मधल्या वाटेने मागपर्यंत गेला आणि परत आला. पस्तिशीचा असेल. बाही कोपरापर्यंत दुमडलेली, बगलेत एक काडी मोडलेली लाल छत्री.

"एक," तो ड्रायव्हरकाकांना म्हणाला. "चला."

"आम्ही सदतीस जण आहोत," ती म्हणाली. प्रुफं तपासून तपासून लागलेली सवय.

"मी माणसं मोजत नाही. माणसं जागा बदलतात, बुटाची नाडी बांधायला खाली वाकतात. रिकाम्या सीटा कुठे जात नाहीत. अकरा वर्षं रिकाम्याच मोजतोय, एकदाही चुकलो नाही." त्याची नजर शालीवर गेली, पण ती उचला असं तो म्हणाला नाही. "आज एक. ती धरून चालायचं."

पहिलं गाव डोंगराच्या खांद्यावर बसलेलं होतं. दगडी जिने, एकमेकींना टेकलेली घरं, आणि बुरुजाच्या घड्याळात कायमचे सव्वाचार. पाऊस पडत नव्हता, नुसता अंगावर बसत होता. लाल छत्री पुढे, मागे सगळे. ती सगळ्यांच्या मागे.

चौकात तो तिच्यासाठी थांबला. "तुम्ही काही विचारत नाही. कंटाळलात?"

"नाही." तिच्या हातात सकाळी बसमध्ये वाटलेलं माहितीपत्रक होतं. "हे कोणी लिहिलंय?"

"मीच. का?"

"'मनमोहक' तीनदा आलंय. एकाच पानावर."

"डोंगरही तीनच आहेत."

"आणि 'प्राचीन'मध्ये पहिली वेलांटी दिलीय. दुसरी हवी."

तो त्या शब्दाकडे बघतच राहिला. तिला वाटलं, लागलं त्याला. पण त्याच्या डोळ्यांत काहीतरी लकाकलं... आणि त्याने घाईने छत्री दुसऱ्या हातात घेतली.

"काय झालं?"

"काही नाही. आमचं आपलं पहिलीवरच भागत होतं इतके दिवस." मग दोन पायऱ्या उतरून, वळून, "अजून काही चूक?"

"छत्रीची काडी मोडलीय."

"ती माहितीपत्रकात नाही."

"म्हणूनच तोंडी सांगितली."

दोन महिन्यांत पहिल्यांदाच ती असं काही बोलली होती. बोलून झाल्यावर तिला आपल्याच आवाजाची लाज वाटली. आई गेलीय आणि आपण छत्रीवरून काय बोलतोय, असं वाटून ती परत सगळ्यांच्या मागे गेली. तो मात्र प्रत्येक वळणावर थांबत राहिला. मागे न बघता, छत्री जरा तिरकी धरून.

दुपारी बस वाइनरीत पोचली. जाड भिंतींचं गार तळघर, भिंतीला लावून ओळीने पिंपं, ओल्या लाकडाचा आंबूस वास. एप्रन घातलेल्या बाईने तिला विचारलं, "किती ग्लास?"

"दोन."

शब्द तोंडातून निघून गेला होता. कॉफीच्या दुकानात, तिकिटाच्या खिडकीशी, गेले दोन महिने हेच होत होतं. बाईने दोन ग्लास भरले. ती दोन्हींकडे बघत उभी राहिली. तेवढ्यात शेजारून एक हात आला आणि त्याने दुसरा ग्लास उचलला.

"ड्यूटीवर पीत नाही मी," गाइड म्हणाला. "नुसता धरतो."

"आधी हुंगा," एप्रनवाली बाई सांगत होती, "मग एक घोट तोंडात फिरवा. काय काय आठवतं बघा."

"मला खोकल्याचं औषध आठवलं," गवती टोपी घातलेले एक काका म्हणाले.

"तुम्हाला कशाने दुसरं काही आठवलंय का कधी?" त्यांची बायको म्हणाली, आणि सगळे हसले. तीही हसली, थोडीशी.

गाइड तिच्याकडे बघत होता. "हसताना खरंच एक डोळा जास्त मिटतो," तो पुटपुटला.

"काय?"

"तुमच्या आई म्हणाल्या होत्या. बुकिंगचा फोन माझ्याकडेच असतो ना. फार गप्पा मारायच्या. कशा आहेत आता? पाय बरा झाला का?"

"कुठला पाय?"

"मुरगळला होता ना त्यांचा? पहिली तारीख त्यामुळेच बदलली. दुसऱ्या वेळी सर्दी. तिसऱ्या वेळी ऐनवेळी पाहुणे. दर वेळी म्हणायच्या, 'लेक बिचारी बॅग भरून बसलीय हो, माझंच काहीतरी निघतं.'"

तिने ग्लास टेबलावर ठेवला, अगदी सावकाश. "तिचा पाय कधी मुरगळला नव्हता," ती म्हणाली. "ती गेली. दोन महिने झाले."

हातातला ग्लास कुठे ठेवावा हे न कळल्यासारखा तो तसाच धरून उभा राहिला. ती जिना चढून बाहेर आली.

बसमध्ये टोपीवाले काका खोकं घेऊन चौदा नंबरच्या सीटशी आले. सहा बाटल्यांचं, उभं. "ताई, इथे ठेवू का? खाली ठेवलं तर फुटेल." तिने मान हलवली. काय विचारलं ते तिला ऐकूच आलं नव्हतं. त्यांच्या बायकोने "थंडीची शाल ना ही? बाटल्यांना बरी," म्हणत शाल खोक्याभोवती गुंडाळली. वर काकांनी टोपी ठेवली.

प्रुफात चूक सापडली की समासात खूण करता येते. आईने लेकीच्या चुका समासातही येऊ दिल्या नव्हत्या. एका परक्या माणसाला फोन करून त्या स्वतःच्या नावावर लिहून टाकल्या होत्या, एक पाय, एक सर्दी, एक पाहुणे. आता त्या पुसायला आई नव्हती.

शेवटचं गाव सर्वांत उंच. तटावरून चालत ती टोकाच्या बाकापर्यंत गेली. पाऊस थांबला होता. खाली सगळा उतार द्राक्षांच्या ओळींनी विंचरलेला, आणि मधोमध एक पांढरी पायवाट, सरळ, खालपर्यंत.

"आई, बघ," ती म्हणाली.

कोणी बघितलं नाही. तिला वाटलं होतं, हे दिसलं की काहीतरी होईल. रडू येईल, निदान हलकं वाटेल. काहीच झालं नाही. भांग होता, अगदी फोटोतल्यासारखा, आणि तो दाखवायला कोणी नव्हतं.

बसचा हॉर्न ऐकू आला. उठायला हवं, असं वाटलं. ती बाकावर बसूनच राहिली. दुसरा हॉर्न झाला. मग वळणावळणाने खाली जाणारा इंजिनाचा आवाज, आणि मग तोही नाही. आपण नाही हे कोणाच्या लक्षात आलं नाही, याचं तिला आश्चर्य वाटलं नाही. बरंच वाटलं.

पाऊण तासाने रिकाम्या क्रेट्सचा एक टेम्पो धडधडत तटाखाली येऊन थांबला. गाइड उडी मारून उतरला आणि पायऱ्या दोन-दोन करत वर आला. छत्री नव्हती. तिला बघून तो एकदम थांबला, गुडघ्यांवर हात टेकवून.

"तुम्ही... फोन तरी..."

"बसमध्ये राहिला."

तो बाकाच्या दुसऱ्या टोकाला बसला. धापा टाकत.

"अकरा वर्षांत पहिल्यांदा चुकलो," तो म्हणाला. "एकच रिकामी दिसली. बरोबर वाटलं."

"ती माझी होती."

"हो. चौदावर ती शाल होती, वर टोपी. लांबून बघितलं तर कोणीतरी लहानखुरी बाई खिडकीकडे तोंड करून बसलेली. आणि खरं सांगू का... मी जवळ जाऊन बघितलंच नाही. क्षणभर वाटलं, आल्या त्या." त्याने खाली बघितलं. "इतकं बरं वाटलं, की पुढे मोजायचंच राहिलं. काकांनी टोपी उचलली तेव्हा खाली बाटल्यांचं खोकं निघालं. बस पेट्रोल पंपावर उभी आहे, सगळे मला शिव्या घालताहेत."

तिने तोंडावर हात धरला. तिला वाटलं आपण हसतोय. पण ते हसू नव्हतं, आणि एकदा सुरू झालं ते थांबेना. त्याने तिला उगी केलं नाही, जवळही सरकला नाही. रुमाल तेवढा बाकावर मध्ये ठेवला.

"मी लांबवलं सगळं," ती म्हणाली. "तिन्ही वेळा मीच. बॅग कधी भरलीच नव्हती."

"माहीत आहे मला."

"कसं?"

"मुरगळलेला पाय पुढच्या फोनला डावा झाला होता. आधी उजवा होता." तो थांबला. "मी चूक काढली नाही. तुमच्यासारखं येत नाही मला."

टेम्पोवाल्याने खालून हाक मारली. दोघंही उठले नाहीत.

"'प्राचीन'ची वेलांटी मला ठाऊक होती," तो म्हणाला. "म्हणजे... तुमच्या आईंनीच फोनवर सांगितली. मी लगेच दुरुस्त करतो म्हणालो, तर म्हणाल्या, 'खबरदार. ती माझ्या मुलीसाठी राहू द्या. जे तिला आवडत नाहीत त्यांच्या चुका ती काढत बसत नाही. तिने ही वेलांटीची चूक काढली, तर तुम्ही काय ते समजा.' मग दोनदा नवीन छपाई झाली. दोन्ही वेळा तशीच ठेवली." त्याच्या कानांच्या पाळ्या लाल झाल्या होत्या. "आठ महिने मी एका वेलांटीची वाट बघतोय. हे आज बोलायचं नव्हतं. आजचा दिवस नाही हा."

ती भांगाकडे बघत राहिली. आईने एवढं सगळं मांडून ठेवलं होतं, आणि वेळेवर यायचं तेवढं आपल्याकडे होतं. तेवढंच होतं.

टेम्पोत ती मध्ये बसली. उतारावर प्रत्येक वळणाला त्याचा खांदा तिच्या खांद्याला लागत होता आणि दर वेळी तो "सॉरी" म्हणत होता. चौथ्या वळणानंतर म्हणायचा थांबला.

परत शहरात पोचले तेव्हा उजेड अजून होता. टोपीवाल्या काकांनी शाल झटकून, घडी करून तिच्या हातात दिली. "ताई, आमच्या बाटल्यांपायी..." एवढं म्हणून ते थांबले. सगळे उतरून गेले. बसच्या दारात ती आणि तो, आणि आत सगळ्या सीटा रिकाम्या.

"पुढच्या शनिवारी," तो म्हणाला, "हीच ट्रिप आहे. पाऊस नसला तर तटावरून... म्हणजे, याल का?"

"पुढच्या शनिवारी काम आहे."

वाक्य आपोआप आलं. तसंच, त्याच आवाजात. आईने हे तीनदा ऐकलं होतं, आणि ते ऐकायला कसं वाटतं हे तिला आज पहिल्यांदा कळत होतं.

त्याने मान हलवली. यादी दुमडून खिशात घातली. "बरं," तो म्हणाला. "मग ऑफिसात सांगतो, माझाच पाय मुरगळलाय म्हणून."

तिने शाल छातीशी घट्ट धरली.

"नका," ती म्हणाली. "आता कोणी पाय मुरगळून घेऊ नका."

तो थांबला.

"मी येते. लिहून घ्या."

त्याने यादी परत काढली, उलटी केली, पेन टेकवलं. नेहमीच्या सवयीने विचारलं, "किती?" आणि विचारून झाल्यावर चमकून वर पाहिलं.

तिने तोंड उघडलं. जो शब्द ओठांवर आला होता, तो तिने गिळला. तो थांबून राहिला, घड्याळाकडे न बघता.

"एक," ती म्हणाली.