फाटकाच्या आतलं चित्र

अंगण. बदामाचं झाड. पत्र्याची खुर्ची.

शिरूरच्या मिशन कंपाउंडमधलं कृपाआत्याचं घर मी दौंडच्या माझ्या खोलीत बसून कागदावर काढत होते. छोटीशी ॲनिमेशन फिल्म : एकटी बाई, तिचा एक दिवस. आत्या अंगण झाडते. चहा गाळते. प्रार्थना करून कप तोंडाला लावते. फाटकापर्यंत जाते, परतते. तिचा नवरा, पॉलमामा, वारल्यापासून तिचं एवढंच चालायचं.

एकदा काढलेल्या हालचाली ॲनिमेशनमध्ये पुन्हा पुन्हा फिरवतात. मेहनत वाचते. मीही फिरवल्या.

फोन.

"आज अंगण दोनदा झाडलं गं मी."

"विसरली असशील, आत्या."

"इसरीन कशी? पानं पुन्हा तिथंच व्हती. तीच. तशीच."

पानं मीही तीच ठेवली होती.

रविवार. पुन्हा फोन.

"उपासनेला गेले न्हाई."

"बरं नाही का?"

"मला काय धाड भरलीया! फाटकापातूर गेले आन् माघारी ओट्यावर. पुढं रस्ता हाय आसं वाटंनाच. रिबेका, कुणी तरी माणूस धाड गं. बोलाया."

मी कागद पसरून बघितले. फाटकाबाहेर काहीच काढलेलं नव्हतं. नुसता पांढरा कागद.

सकाळच्या एसटीनं जायचं ठरवलं. तोवर तिला सोबत हवी. स्वतःचंच हसू आलं, तरी पेन्सिल उचलली. रस्ता काढला. रस्त्यावरून एक बाई आणली, पत्र्याच्या खुर्चीवर बसवली. चेहऱ्याला वेळ लागतो, म्हणून पाठमोरी.

न्हावरे. एसटी थांबलेली. खिडकीबाहेर ऊस, त्याच्यावर कोवळं ऊन. फोन वाजला. आत्या कधी नव्हे इतकी खुशीत.

"रिबे, पाहुणी आलीया!"

"कोण?"

"वळखू येईना. पाठमोरी बसलीया. चहा दिला, प्रार्थना केली. कप तसाच निवला बघ. लाजती का काय!"

"आत्या, ऐक. फाटकाबाहेर ये. आता रस्ता आहे."

"पाहुणीला टाकून? थांब, समोर जाऊन बघती."

चपलांचा आवाज. अंगणातली पानं चुरडल्याचा आवाज.

मग चपला थांबल्या.

"आत्या?"

"रिबे," ती अगदी हळू बोलली, "हिकडनंबी पाठच हाय."