वेणूच्या वड्या मोंबासाला

"अहो, तुमचं छप्पर गळतंय!"

"छप्पर नाय... चक्का गळतोय," वेणू आतून म्हणाली, आणि हसू दाबायला तिनं पदर तोंडाशी धरला.

श्रावणातली सर चुकवायला तो धावत पडवीत शिरला होता, आणि नेमका वाशाला टांगलेल्या दह्याच्या फडक्याखाली उभा राहिला होता. आंबट पाणी थेंबाथेंबानं त्याच्या इस्त्रीच्या कॉलरवर पडत होतं. वेणूला वाटलं, आता हा साहेब तडकणार. पण या पठ्ठ्यानं काय करावं? गालावरचा थेंब बोटानं टिपला आणि चक्क चाखला!

"झकास आहे की."

"चाखायचे दाम पडतात."

"मग भाव सांगा ना... भाव विचारायलाच तर पनवेलला आलोय."

त्याचं नाव दिनानाथ. मूळचा उलव्याच्या मिठागरवाल्यांचा, पण मुंबईला मामाकडं शिकलेला, आणि आता आफ्रिकेला माल पाठवणाऱ्या एका कंपनीत नोकरीला. मोंबासाला आपली पुष्कळ माणसं राहतात, सणावाराला श्रीखंडासाठी त्यांचा जीव तळमळतो. श्रीखंड बोटीत टिकायचं नाही, पण श्रीखंडाच्या वड्या टिकतील, असं त्याच्या मनानं घेतलं होतं. आणि बंदराच्या रस्त्यावर बुधाजीच्या वेणूसारख्या वड्या कुणी करत नाही, हे त्याला लाँचवरच्या माणसांनीच सांगितलं होतं.

वेणूनं भाव सांगितला. त्यानं डोकं खाजवलं.

"जरा कमी करा. तिकडे हॉलंडहून डब्यातलं चीज येतं, स्वस्तात. आपली वडी त्याच्याहून फार महाग पडली, तर कोण घेणार?"

"चीज म्हंजे वो काय?"

"दूध फाडून, दाबून, मुरवून ठेवलेलं."

"अगो बाय! मंग खावं ज्याला खायाचं त्यानं. दिवाळीला पानात चीज वाढतात काय?"

दिनानाथ खो-खो हसला आणि पाऊस थांबला तरी बसून राहिला. पनवेलच्या रुपयाचे मोंबासात शिलिंग कसे होतात, ते त्यानं तिला समजावलं. पत्र्याचा डबा, झाकण पक्कं करायला लावायचा कथलाचा डाग, बोटीचं भाडं, विमा, तिकडची जकात, वर दलालाचं तोंड गोड करायचं...

"म्हंजे माजी वडी नटूनथटून सासरी पोचेपर्यंत दुप्पट भावाची झाली की!" वेणू म्हणाली.

"नटली नाही तरी माल चांगलाच आहे," तो म्हणाला, आणि पाहत मात्र होता भलतीकडेच. वेणूनं उगाच ताक घुसळायला घेतलं.

मग तो दर शनिवारी यायला लागला. आज शिलिंग चढला, आज बोटीचं भाडं वाढलं, काही ना काही कारण असायचंच. दोघं भावावरून तासन् तास भांडायची. तो एक आणा वर जायचा, ही अर्धा आणा खाली यायची, आणि शेवटी दोघंही ठरलेला आकडा विसरायची... म्हणजे पुढच्या शनिवारी पुन्हा पहिल्यापासून सुरुवात!

"शिलिंगाचा भाव पत्रानं कळवता येत नाय काय त्याला?" बुधाजी एकदा मिशीतल्या मिशीत म्हणाला. "ताकाला येतो न भांडं लपवतो."

"बाबा!" वेणू कानापर्यंत लाल झाली. शनिवार उजाडला की तिला घास गोड लागायचा नाही, आणि तो आला की भूकच आठवायची नाही. तिचा जीव जडला होता, आणि आता तिचं तिलाही ते लपवता येत नव्हतं.

कार्तिकात पहिली खेप निघाली. वेणूनं स्वतः वड्या भरल्या, डाग लावून डबे बंद झाले, गाडी बंदरावर पोचली. लाँचवर चढता चढता दिनानाथ थबकला.

"वेणू... ही खेप नीट विकली गेली, की मी—"

"की काय?"

"...की सांगेन."

आणि लाँच सुटली.

त्यानंतर शनिवार आले नि गेले, तो आला नाही. आला तो एका मंगळवारी, तोंड उतरवून. पाटावर बसला, पुढं ठेवलेल्या ताकाला त्यानं हातही लावला नाही.

"मोंबासाच्या कस्टमनं सगळी खेप अडवली. कागदावर डबा पाच पौंडांचा, आणि काट्यावर भरतोय जास्त. एकूण एक डबा! त्यांना वाटतंय, आम्ही जकात चुकवतोय. साहेब म्हणाले, पनवेलचा माल बंद. मला उद्या जाब द्यायचाय."

माल बंद म्हणजे शनिवार बंद. म्हणजे हा पुन्हा दिसायचा नाही.

"आमचा काटा खोटा नाय!" बुधाजी उसळला.

"काटा खरा हाय, बाबा," वेणू हळूच म्हणाली. "तोलून झाल्यावर वरनं वड्या मीच घातल्या... आई म्हणायची, परक्याला काट्यापरमान द्यावं, आपल्या माणसाला त्याच्यावर मूठभर."

"अगं, पण सगळ्याच गिऱ्हाइकांना असं वर दिलंस तर—" दिनानाथ म्हणाला.

"सगळ्यांना?" बुधाजीनं कपाळावर हात मारला. "बाजारातल्या मिठाईवाल्याला देताना काटा जरा कलला, तर ही वडी मोडून तुकडा माघारी घेते!"

वेणूला वाटलं, धरणी दुभंगावी आणि आपल्याला पोटात घ्यावं. पण पोरगी बंदरावरची, ती थोडीच ऐकून घेणार?

"न तुमी वो?" तिनं मान वर केली. "मुंबईला डबे तोलायचं काम तुमचंच ना? तवाच कसं नाय कळलं?"

दिनानाथ गोरामोरा झाला.

"तोललेच नाहीत. न तोलताच सही केली."

"का?"

"तुझ्या हातचं होतं... काट्यावर चढवायला मन झालं नाही."

"म्हशीला पाणी दाखवून येतो," बुधाजी उठत म्हणाला. म्हैस नुकतीच बादलीभर पाणी प्यायली होती, पण ते त्याला कोण सांगणार?

वेणू बोटाला पदर गुंडाळत उभी होती. आता डोळ्यांतलं पाणी लपवायचं तिला सुचलं नाही.

"आता वो काय व्हायाचं?"

"कागद दुरुस्त करू. जास्तीची जकात मी भरीन, माल सुटेल. साहेब चिडलेत, पण वड्या त्यांनाही आवडतात," तो म्हणाला. "फक्त त्यांना एक हमी पाहिजे. इथून पुढं डबा तोलूनमापून भरायचा, रतीभर इकडं-तिकडं नाही. देशील हमी?"

वेणूनं बोटाचा पदर सोडवला.

"कंपनीला देईन की. पण तुमाला तोलून देयाचं... ते मला नाय जमायचं."

दिनानाथ उठून जवळ आला. मुंबईची भाषा कुठल्या कुठं गेली.

"मंग कंपनीला तोलून दे... आन मला घरी न तोलता वाढ. जल्मभर. बोलणी करायला उलव्याची माणसा धाडू काय?"

वेणूनं डोळे पुसले. म्हशीचं निमित्त करून दाराआड कान लावून उभ्या असलेल्या बापाला ऐकू जाईल, इतक्या मोठ्यानं ती म्हणाली,

"धाडा. पण सांगा त्यांना... घरून जेवून येव नका म्हणावं."