ओदेतची उडी

"अहिल्या, लगेच ये. ओदेतचं रीळ जळलं."

प्रीताने एवढंच सांगून फोन ठेवला. तिची मैत्रीण अहिल्या चपला अडकवून निघाली. फ्रिस्को शहरातलं ऊन असं की दोन गल्ल्या चालतानाही डोकं भणभणलं.

प्रीता विद्यापीठासाठी जुने चित्रपट दुरुस्त करायची; अहिल्याही पूर्वी त्याच लॅबमध्ये होती. ओदेत मार्साँ ही मूकपटांच्या काळातली फ्रेंच नटी. कड्यावरून नदीत स्वतः उडी मारणारी बाई म्हणून तिचं नाव झालं आणि पुढची सगळी कारकीर्द त्या एका उडीवर चालली. त्या उडीचं हे एकमेव रीळ. लॅबमधलं कूलिंग बंद पडलं म्हणून प्रीताने कुणाला न विचारता ते घरी आणून गॅरेजमधल्या फ्रिजमध्ये ठेवलं होतं. सोमवारी त्याची डिजिटल प्रत निघायची होती.

गॅरेजच्या जमिनीवर ओली गोधडी होती. तिच्याखाली, डब्यात, अर्धवट काळं पडलेलं रीळ. बाजूला प्रीताचा नवरा शंतनू उभा होता. ओदेतचं चरित्र त्यानेच लिहिलं होतं. पुस्तक पुढच्या महिन्यात येणार होतं.

"नोकरी गेली माझी," प्रीता दारातूनच म्हणाली; डब्याकडे तिला बघवत नव्हतं. "नोकरीचं सोड. ती बाई आता कुणालाच दिसणार नाही."

"नक्की काय झालं?" अहिल्याने शंतनूला विचारलं.

"प्रीता ग्रोसरीला गेली होती. मी रीळ बघायला काढलं आणि ते भडकन पेटलं. गोधडी भिजवून टाकली वर. स्टोव्ह भडकला की माझी आई तेच करायची."

"लगेच विझलं?"

"लगेच. नाहीतर घर गेलं असतं, यार."

अहिल्या वाकली. न जळलेल्या पट्टीला व्हिनेगरसारखा आंबूस वास येत होता.

"प्रीता, काल याला कसला वास होता?"

"कापराचा. आई म्हणाली, देवघर उघडल्यासारखं वाटतंय."

"आणि रीळ पाहिलं कुणी?"

"शंतनूने. मी चहा करत होते, हा भिंग घेऊन बसला होता. नंतर एकदम गप्प. जेवला पण नाही."

शंतनू दाराकडे निघाला.

"आता कुठे?" प्रीताने विचारलं.

"गाडी सावलीत घेतो."

"मघाशीच घेतलीस की! बायकोला तरी एवढं जपतोस का?"

"सावली सरकते ना. सीट्स तापतात."

अहिल्या ताडकन उठली. "शंतनू, डिकी उघड. आधी उघड, मग बोलू."

"काय बोलतेस तू?"

"त्या काळचं रीळ नायट्रेट नावाच्या ज्वालाग्राही फिल्मचं. जळताना ते स्वतःचा ऑक्सिजन स्वतःच तयार करतं. गोधडी टाक, पाण्यात बुडव, संपेपर्यंत जळत राहतं. हे विझलं, म्हणजे हे ते नाही. नायट्रेटमध्ये कापूर असतो. व्हिनेगरचा वास खराब होत चाललेल्या ॲसिटेटला येतो, आणि ती फिल्म पुढच्या काळातली. तू तुझ्याकडचं कुठलंतरी रीळ आणून पेटवलंस. खरं गाडीत आहे. जुनं नायट्रेट तापलं की आपोआप पेटू शकतं, हेही तुला माहीत आहे. म्हणून सावली शोधत फिरतोयस."

शंतनूने किल्ली काढली. पण बटण दाबलं नाही. प्रीताने किल्ली हिसकावली.

डिकीत पिकनिकचा आइसबॉक्स होता. आतले आइस पॅक केव्हाच वितळले होते. प्रीता डबा उराशी धरून आत पळाली. फ्रिजचं दार लावून तिने त्यालाच पाठ टेकली.

"का केलंस?"

"उडी तिने मारलीच नाही. रिळाच्या शेवटी कॅमेरा चालूच राहिलाय; किनाऱ्यावर एक माणूस बसलाय, तिच्याच झग्यात, विग काढून. ओदेत त्याला टॉवेल देतेय. तिचं अख्खं करिअर खोटं ठरेल, प्रीता."

"तिचं करिअर की तुझं पुस्तक?"



"मग जाळून का नाही टाकलंस?" अहिल्याने विचारलं.

"जमलं नाही." त्याने घाम पुसला. "ती हसत होती त्यात. इतकी मोकळी ती दुसऱ्या कुठल्याच फोटोत नाही."

प्रीताने फोन काढला आणि विद्यापीठातल्या आपल्या बॉसचा नंबर लावला.

"रीळ घरी आणलं, ते मी सांगते," ती म्हणाली. "तू तुझ्या प्रकाशकाला फोन लाव. आत्ता, इथे, माझ्यासमोर."